प्रलयानंतर पाणी कुणी भरायचं?

जगबुडी ही गोष्ट आमच्या घरी दुपारची जेवणं उरकल्यावर, साधारण अडीचच्या सुमारास होते. मे महिना, भंडाऱ्याचं ऊन, खिडकीतल्या कूलरची घरघर, मधल्या खोलीत सौ. डोळ्यांवर पदर घेऊन आडवी झालेली. आणि पुण्याहून सुटीसाठी आलेला आमचा नातू पुढच्या खोलीत मांडी ठोकून, अणुयुद्धानंतरच्या दोनशे दहाव्या वर्षी, बोस्टन शहराच्या उकिरड्यावर चिकटपट्टी शोधत असतो.

"दोनशे वर्षांची चिकटपट्टी चिकटते का रे?" मी विचारलं.

"आबा, तिच्यातून डिंक काढायचा. तो बंदुकीला लागतो."

आमच्या टेबलाच्या खणात दिवाळीला ठेवलेली चिकटपट्टी होळीपर्यंत स्वतःलासुद्धा चिकटत नाही. पण त्या खेळात सगळाच माल पूर्वीच्या काळचा, म्हणजे दणकट. नातू दोनशे वर्षांपूर्वीचे बंद डबे उघडून त्यातलं अन्न खातो आणि वर ठणठणीत होतो. इथे मी गेल्या वर्षीच्या लोणच्याच्या बरणीकडे नुसतं पाहिलं तरी आतून आवाज येतो, "ते नको हं, पोटाला बाधेल!"

या प्रकाराला 'ओपन वर्ल्ड' म्हणतात, असं मला सांगण्यात आलं. म्हणजे मोकळं जग. कुठेही जा, काहीही करा, वरचा साहेब नाही, हजेरीपट नाही, रजेचा अर्ज नाही. छत्तीस वर्षं मास्तरकी करताना अशा जगाची मी फार वाट पाहिली. ते मिळण्यासाठी आधी अणुबाँब पडावे लागतात एवढीच माहिती कमी होती. या मोकळ्या जगात नाणं चालतं ते कोल्ड्रिंकच्या बाटल्यांच्या बुचांचं. लहानपणी बसस्टँडवरच्या सोडावॉटरच्या दुकानामागे बसून आम्ही बुचं गोळा करायचो, तो साठा जपून ठेवला असता तर आज निम्मं बोस्टन माझ्या नावावर असतं. नायकाबरोबर एक इमानी कुत्राही असतो. त्याचं नाव डॉगमीट, म्हणजे कुत्र्याचं मटण. असं नाव ठेवणाऱ्या मालकाची साथ न सोडणारा तो एकटाच प्राणी त्या जगात मला सज्जन वाटला.

नातवाचा स्वभाव उदार. त्यानं खेळाचं ते दोन मुठींचं यंत्र माझ्या हातात दिलं आणि 'सर्व्हायव्हल' नावाचा कठीण प्रकार लावून दिला. यात भूक लागते, तहान लागते, ओझं जास्त झालं की पळता येत नाही, आणि बिछाना शोधून झोपल्याशिवाय केलेली प्रगती जमा होत नाही. हा शेवटचा नियम सौ.ला मधल्या खोलीतूनच एकदम पटला.

मी निघालो. पडक्या रस्त्यावर एक माणूस उभा दिसला. आता भंडाऱ्याच्या बाजूला रस्त्यात माणूस दिसला की थांबायचं, "कुठं चालले?" म्हणून विचारायचं, मग तो आपल्याला विचारतो, अशी रीत आहे. न विचारता पुढे गेलं तर लोक म्हणतात, मास्तरला फार झालं. मी आपला त्याच्या दिशेनं चालू लागलो. त्यानं गोळी घातली.

"आबा, अनोळखी माणूस दिसला की आधी आपण मारायचं असतं!"

दुसऱ्या खेपेला तहान लागली म्हणून नदीवर गेलो. ओंजळभर पाणी घेतलं तोच मनगटावरचं यंत्र कढईत मोहरी तडतडावी तसं तडतडू लागलं. पाण्यात किरणोत्सर्ग. म्हणजे नदी डोळ्यासमोर आणि घसा कोरडा. हे मात्र मला ओळखीचं वाटलं. उन्हाळ्यात वैनगंगेच्या काठावर राहून नळाची वाट पाहणाऱ्या माणसाला त्यासाठी अणुयुद्धाची गरज नाही.

नातू खेळून दमला की मला या खेळांचा इतिहास सांगतो, आणि इतिहास हा माझा विषय. १९८८ साली 'वेस्टलँड' नावाचा खेळ निघाला, तो या कुळातला आद्य पुरुष म्हणायला हरकत नाही. १९९७ मध्ये आला 'फॉलआऊट'. त्यात अणुयुद्धातून वाचलेली माणसं जमिनीखालच्या तळघरात पिढ्यान् पिढ्या राहत असतात. आता यांच्यावर संकट कोणतं यावं? राक्षस? शत्रू? तसं काही नाही. तळघरातलं पाणी शुद्ध करणाऱ्या यंत्राचा एक भाग बिघडतो. पाणी पुरेल दीडशे दिवस. तेवढ्यात बाहेर जाऊन तो भाग शोधून आणायचा. हे ऐकून मी खुर्चीत सावरून बसलो. २००८ साली त्याची तिसरी आवृत्ती आली. तिच्यात वॉशिंग्टन शहर उद्ध्वस्त झालेलं, आणि सगळी धडपड कशासाठी, तर तिथल्या पोटोमॅक नदीचं पाणी पिण्यासारखं व्हावं म्हणून. मधे २००७ मध्ये युक्रेनमधल्या मंडळींनी 'स्टॉकर' नावाचा खेळ काढला. त्यांना कल्पना लढवायची गरज नव्हती. १९८६ च्या २६ एप्रिलला फुटलेली चेर्नोबिलची अणुभट्टी त्यांच्या घरापासून शंभरेक किलोमीटरवरच होती. आणि २०१५ साली आलं हे बोस्टन, 'फॉलआऊट' नंबर चार. यात वस्ती वसवायची सोय आहे. वस्तीला काय लागतं? खाट, अन्न, संरक्षण आणि पाणी. पाण्यासाठी काय बांधायचं? नातवानं बटण दाबलं आणि पडद्यावर ओळखीची आकृती उगवली.

"अरे, ही तर हापशी!"

साक्षात हातपंप. बोस्टनमध्ये. एका हापशीवर तीन माणसांचं भागतं असा तिथला हिशोब आहे. आमच्या लहानपणी एका हापशीवर तीन आळ्या भागवत आणि भांडत. तरी पण मला त्या परदेशी लेखकमंडळींचं कौतुक वाटलं. जग बुडवायला बसले की माणसं चित्रविचित्र गोष्टी सुचवतात, पण बुडवून झाल्यावर हे लोक प्रत्येक वेळी पाण्याशीच येऊन थांबले.

तर अशा एका दुपारी नातवानं मला सरळ विचारलं, "आबा, असं खरंच झालं तर तुम्ही किती दिवस टिकाल?"

सत्त्याहत्तरीच्या माणसाला हा प्रश्न विचारू नये. आमच्याकडे तो विमा कंपनीचा एजंटसुद्धा आडवळणानं विचारतो. पण मुलाचा हेतू निर्मळ होता. मी त्याला म्हटलं, "माझं सोड. पण आपल्या जिल्ह्यात जग एकदा सोडून दोनदा संपलं होतं, तेही चार वर्षांच्या आत. आणि तू इथे बसून वेफर्स खातोयस, म्हणजे आपल्याकडचं कुणीतरी टिकलं."

त्यानं खेळ थांबवला. या खेळात मधेच थांबायची सोय असते, ही मोठी चांगली गोष्ट आहे.

पहिल्यांदा जग संपलं ते १८९६ मध्ये. त्याआधीची दोनतीन वर्षंही मध्य प्रांतात धड नव्हती. त्या वर्षी पाऊस वेळेवर आला. बांध्यांमधून रोवणी झाली, धान कमरेला लागलं, आणि ऐन भाद्रपदात पावसानं जी पाठ फिरवली ती फिरवलीच. धानाचं असं आहे, की जूनमध्ये पाऊस उशिरा आला तर ते चालवून घेतं, पण लोंबीत दाणा भरायच्या वेळी पायाशी पाणी नसलं तर नुसता पेंढा उभा राहतो. दुरून शेत हिरवंगार दिसतं. जवळ जाऊन लोंबी चुरगाळावी तर तळहातावर फक्त कोंडा. एक वर्ष कसंबसं गेलं, मधे एक बरं आलं, आणि १८९९ मध्ये पावसानं सुरुवातीपासूनच दगा दिला.

त्या काळचा कागदोपत्री हिशोब उपलब्ध आहे. इंग्रज साहेब बाकी कसाही असला तरी मोजणीत चुकत नसे. १८९१ च्या जनगणनेत भंडारा जिल्ह्याची वस्ती (आजचा गोंदिया धरून) सुमारे ७ लाख ४३ हजार होती. १९०१ साली ती ६ लाख ६३ हजार भरली. म्हणजे दहा वर्षांत वाढायची सोडून ऐंशी हजारांनी उतरली. दर नऊ माणसांमागे एक गेला. काही मेले, काही जन्मालाच आले नाहीत, काही पोटामागे परमुलखात निघून गेले. १९०८ साली रसेल नावाच्या अधिकाऱ्यानं संपादलेलं जिल्ह्याचं गॅझेटियर निघालं. हा ग्रंथ वाचताना एक चमत्कारिक गोष्ट जाणवते. त्यात माणसांच्या आकड्यांनंतर पानं उलटली की तितक्याच शांतपणे गुरांचे आकडे येतात.

मी हे सांगत होतो तेव्हा नातवाला एक शंका आली, आणि ती मार्मिक होती. "पण आबा, धान्य दुसरीकडून आणता आलं नसतं का? रेल्वे होती ना?"

होती की. नागपूरहून पूर्वेला जाणारी रेल्वे जिल्ह्यातून गेली होती. पण रुळांवरून धान्य येतं तसं जातंही, आणि जिकडे पैसा तिकडे जातं. आधीच्या सुकाळात रेल्वेमुळे गावच्या पेवांतलं धान्य बाहेरच्या बाजाराला लागलं होतं. दुष्काळ पडला तेव्हा बाजारात धान्य अजिबात नव्हतं असं नाही. शेतमजुराच्या कनवटीला पैसा नव्हता, कारण शेतात काम नव्हतं. हे काही माझं संशोधन नाही. १८८० च्या सरकारी दुष्काळ आयोगानंच हे नमूद करून ठेवलं, की दुष्काळ म्हणजे आधी रोजगाराचा दुष्काळ. त्यानंतर प्रांतोप्रांती दुष्काळसंहिता झाल्या. धडधाकटांना काम द्यावं, लुळ्यापांगळ्यांना फुकट मदत, पोरांना खिचडी.

"म्हणजे क्वेस्ट!" नातू म्हणाला. त्यांच्या खेळात कुणीतरी कामगिरी सांगतो, ती केली की बक्षीस मिळतं.

अगदी तसंच. कामगिरी अशी, की डोंगराएवढी खडी फोडा, तिचे ढीग लावा, रस्त्यावर पसरा, नाहीतर तलावाची माती उपसा. बक्षीस, त्या दिवशी जिवंत राहण्यापुरते पैसे. मजुरी धान्याच्या भावावर बेतलेली असे. पहिल्या दुष्काळात ही मदत उशिरा आणि हात आखडून आली, दुसऱ्यात लवकर आणि त्या मानानं सढळ. आज आपण साकोलीकडे ज्या रस्त्यांवरून मोटार हाकतो, त्यांतल्या काहींच्या तळाशी ही खडी असावी. ती फोडणाऱ्यांच्या नावाची पाटी मात्र कुठे दिसत नाही.

आता मी माझ्या आजीकडे येतो. ती साकोलीच्या बाजूच्या एका खेड्यातली. १९०० साली ती सातआठ वर्षांची होती आणि मी ऐकायच्या वयाचा झालो तेव्हा साठी ओलांडलेली. दुष्काळ हा विषय तिनं मुद्दाम कधी काढला नाही. तो अन्नाच्या निमित्तानं आपोआप निघायचा. पानात भाताचं एक शीत राहिलं तरी ती ओरडत नसे. ते शीत बोटानं उचलून आपल्या तोंडात टाकी आणि आपल्या कामाला जाई. ओरडली असती तर बरं, असं आम्हा पोरांना वाटे.

टिकायचं कसं, याची तिची अक्कल त्या खेळाच्या सगळ्या पुस्तिकांपेक्षा पक्की होती. चैत्रात मोहाची फुलं गळतात ती पहाटे वेचायची, वाळवायची, मडक्यात भरायची. (मोहाचं नाव काढताच काही वाचकांच्या चेहऱ्यावर स्मित उमटलेलं मला दिसतं आहे. फुलांचा तोही उपयोग आहे. पण उकडून, भाजून, कुटून ती पोट भरतात, आणि दुष्काळात झाडीपट्टीतल्या माणसाला त्यांनीच तारलं.) फळांच्या बियांचं तेल निघतं. तळ्यात कमळाचे कंद असतात, ते काढायला चिखलात कमरेइतकं उतरावं लागतं. शिंगाडे असतात. मासे असतात. कुठलं पान कडू असूनही चालतं आणि कुठलं गोड असूनही नाही, हे बायकांना ठाऊक. उपाशी माणूस दारात आला की त्याला भात वाढायचा नाही, पेज द्यायची, तीही थोडीथोडी. "भात देल्ला तं मरते थो," ती सांगे. हे तिला कुणी शिकवलं नव्हतं, तिनं दारात पाहिलं होतं. फार दिवस उपाशी राहिलेल्या माणसाला एकदम भरपेट जेवू घातलं तर जिवावर बेततं, हे डॉक्टरही सांगतात.

माझी एक जुनी समजूत आहे, ती इथे सांगून टाकतो. आपली उपवासाची यादी पाहा. शिंगाड्याचं पीठ, कंदमुळं, भगर. ऋषिपंचमीला तर बैलाच्या कष्टाचं काहीच खायचं नाही, जे आपोआप उगवलं असेल ते. ही बहुधा कुणातरी शहाण्या आजीनं पंचांगात घुसवलेली दुष्काळाची रंगीत तालीम असावी. वर्षातून काही दिवस ते अन्न शिजवत राहिलं म्हणजे हात विसरत नाहीत. सौ.ला हे मत पाखंडी वाटतं. पण आमच्याकडे एकादशीला साबुदाणा, बटाटा, दाणे, रताळी, शिंगाड्याचा शिरा असा जो बेत होतो, तो पाहता तालमीतून दुष्काळ पार निघून गेला आहे हे तिलाही मान्य करावं लागलं.

आजीची एक गोष्ट मात्र मी नातवाला सांगितली नाही. इथे लिहितो.

तिच्या माहेरी तलावाखालची थोडी जमीन होती. दुसऱ्या दुष्काळात तलावही आटला, कारण तलाव पावसाचं पाणी साठवतो, पाऊस पाडत नाही. घरात खायचं धान संपलं. पण माजघरातल्या ढोलीत पुढच्या पेरणीचं बियाणं होतं, वरून शेणामातीनं लिंपून बंद केलेलं. आजीचा धाकटा भाऊ वर्षादीड वर्षाचा. तो वाळत गेला. त्याच्या आईनं दोनदा त्या ढोलीला हात लावला आणि दोनदा तिच्या सासऱ्यानं तिला उठवलं. मारलं नाही, बोलला नाही, नुसता ढोलीला पाठ लावून बसला. त्यालाही पोटात काही नव्हतं. पोर गेलं. पाऊस आला तेव्हा ढोली फोडली, आवत्या टाकला, आणि त्या धानावर बाकीची पाच माणसं जगली. त्यांतली एक आजी.

कुणाचं चुकलं, असं मी एकदा विचारलं होतं. दहाबारा वर्षांचं पोर, त्याला सगळ्या गोष्टीत कुणाचं तरी चुकलेलं हवं असतं. आजी तांदूळ निवडत होती, ती निवडत राहिली. थोड्या वेळानं म्हणाली, "बाबू, जाय, बाहेर खेळ."

नातवाच्या खेळात मेलं की मागच्या बिछान्यापासून पुन्हा सुरू करता येतं. मी त्या एका दुपारी अकरा वेळा मेलो आणि अकरा वेळा चहाच्या वेळेला हजर होतो.

तलावांचं मात्र नातवाला सांगितलं, कारण त्यात त्याच्या खेळाशी जुळणारी एक गंमत आहे. तो खेळतो त्या जगात कुणी नवं काही पिकवून मोठं होत नाही, मेलेल्यांनी मागे ठेवलेल्या वस्तूंवर सगळ्यांचा गुजारा. आमच्या जिल्ह्याचंही थोडंफार तसंच आहे. फक्त आमच्या मेलेल्यांनी चिकटपट्टी ठेवली नाही, तलाव ठेवले.

चांद्याच्या गोंड राजांचं धोरण असं सांगतात, की जो तलाव बांधील त्याला त्याखालची जमीन. कोहळी समाजाच्या माणसांनी ते मनावर घेतलं. यांच्याजवळ ना दुर्बीण ना नकाशा. पावसात उभं राहून पाणी कुठून कुठे वाहतं ते पाहायचं आणि दोन टेकड्यांच्या मधे नेमकी पाळ घालायची. पूर्व विदर्भात असे सहासात हजार तलाव आहेत, लहान बोड्या वेगळ्याच. पाऊस भाद्रपदात पळून गेला तर एक पाणी, फक्त एक, तलावातून सोडायचं आणि दाणा भरून घ्यायचा. १८९६ सारख्या वर्षी ज्याच्या बांधीला हे एक पाणी मिळालं त्याच्या घरात धान आलं. ज्याची जमीन तलावाखाली नव्हती, किंवा ज्याला जमीनच नव्हती, तो खडी फोडायला गेला. तेव्हा या तलावांचं कौतुक करताना हेही विसरून चालत नाही, की पाणी वरून खाली वाहतं पण आधी मालगुजाराच्या शेतातून वाहतं.

नवेगावबांधचा तलाव कोलू पाटील कोहळी यानं अठराव्या शतकाच्या सुरुवातीला बांधला. १९९९ च्या १ मे रोजी गोंदिया जिल्हा वेगळा झाला तेव्हा तो तिकडे गेला. वाटणीत चांगली भांडी धाकट्याकडे जातात त्यातलाच प्रकार. या कोलू पाटलाचा लोकांनी पुढे देव केला. कोलासूर देव म्हणून त्याला पूजतात. बांधकाम केलेल्या माणसाचा लोकांनी आपणहून देव केल्याचं हे उदाहरण लक्षात ठेवण्यासारखं आहे. त्यानंतरच्या काळात आमच्या भागात पुष्कळ बांधकामं झाली, पण दुसरा देव झाल्याचं ऐकिवात नाही.

मालगुजारी १९५० च्या कायद्यानं गेली. जायलाच हवी होती. पण तिच्याबरोबर तलाव सरकारजमा झाले, आणि पूर्वी जे पाणी गावच्या हक्काचं होतं त्याच्यावर पट्टी आली. गाव म्हणालं, तलाव सरकारचा तर गाळही सरकारचा. सरकार म्हणालं, गाळाला तरतूद नाही. पूर्वी दर उन्हाळ्यात गावातली माणसं गाड्या जुंपून गाळ काढत, तो शेतात टाकत, पाळीवर माती चढवत. कुणी पुण्यासाठी करत नव्हतं, वरच्या मालगुजाराचा धाक होता आणि खालच्या बांधीची गरज होती. धाक गेला. गरजेला वाटलं, दुसरं कुणीतरी करील. तीसचाळीस वर्षांत तलाव बशीएवढे उथळ झाले. त्यात बेशरम नावाचं झुडूप माजलं. या वनस्पतीचं नाव ठेवणाऱ्याला माझा नमस्कार. ती तोडली तरी येते, उपटली तरी येते, गुर खात नाही, आणि फुलं मात्र अशी जांभळी आणते की अनोळखी पाहुणा म्हणतो, वा!

अलीकडे गाळ काढायच्या सरकारी योजना पुन्हा आल्या आहेत. यंत्रं येतात, चार दिवसांत खोल खड्डा करून जातात. पण तलाव म्हणजे नुसता खड्डा नव्हे, हे खरं ओळखलं ते ढिवर बायकांनी. पोकलेननं तळ खरवडून गेला की त्याबरोबर पाणवनस्पतीही जातात, मग माशांना लपायला आणि अंडी घालायला जागा राहत नाही, जाळ्यात काही येत नाही. गेल्या काही वर्षांत भंडारा-गोंदियाच्या काही गावांत या बायका उन्हाळ्यात बेशरम उपटतात, आणि पाऊस लागला की तळ्यात उतरून भाजीची रोपं लावावीत तशी पाण्यातली देशी झाडं लावतात. लग्नाच्या पंगतीत बसावं तशा ओळीनं, गुडघाभर पाण्यात, तोंडानं अखंड गप्पा. मी पाळीवर उभा राहून पाहत होतो तर त्यांतली एक म्हणाली, "मास्तर, उभे कायले? उतरा न पान्यात." मी चपला काढल्या, पायजमा वर खोचला आणि घोट्यापर्यंत उतरलो. या वयात तेवढं पुरे.

त्यांच्या टोपलीत एक रोप होतं ते मी ओळखलं. देवधान. रानातला भात. तळ्याच्या कडेला आपोआप उगवतो. आजी ऋषिपंचमीला तो शोधून आणायची. त्याची एक खोड अशी, की दाणा पिकला की लोंबीवर थांबत नाही, वाऱ्यानं गळून पाण्यात पडतो. कापायला जावं तर हातात निम्मं येतं. म्हणून शेतकऱ्याला तो आवडत नाही, धानात शिरला तर उपटून टाकतात. मी लहानपणी आजीला म्हटलं होतं, की एवढा गळून वाया जातो तो भात काय कामाचा?

"वाया कुठी जाते?" ती म्हणाली. "चिखलात पडते, नं पुढच्या पान्यात आपल्या आपनच उगोते. याचं बी कोनाले राखा लागत नाही, बाबू."